ठाणेदार विचारतात, 'तुमचं काय गेलं?' याचं उत्तर काय द्यायचं?

वैनगंगेकाठचा | ९ नोव्हेंबर, रात्री १०.१२

राम राम मंडळी. गावाचं नाव लिहीत नाही, भंडारा जिल्हा एवढंच पुरे.

२०२३ च्या उन्हाळ्यात आमच्याकडे रोजगार हमी योजनेतून (रोहयो) पांदण रस्त्याचं, म्हणजे शेतात जायच्या वाटेचं, काम निघालं. रस्ता मी पाहिला आहे, म्हणजे तो जिथे असायला पाहिजे ती जागा पाहिली आहे. एका टोकाला मुरमाच्या दोन ट्रिपा, पुढे बेशरमाची झुडपं. कागदावर मात्र काम पूर्ण. रोहयोच्या संकेतस्थळावर हजेरीपट कोणालाही उघडता येतो, तसा मीही उघडला. त्यात सहावं नाव आमच्या घरामागच्या काकाजींचं. काकाजी फेब्रुवारीतच वारले, मयतीला मी खांदा दिला. एप्रिलमध्ये त्यांनी बारा दिवस माती खणल्याचं दिसते. आणखी एक पोरगी, ती बालाघाटकडे देऊन चार वर्षं झाली. एक पोरगा बुटीबोरीत कंपनीत आहे. आजकाल हजेरीचे फोटो मोबाइलवर काढावे लागतात ना? तेही आहेत. नीट पाहिलं तर तो फोटोचा काढलेला फोटो आहे, कडेला टेबलाची किनार दिसते.

कागद घेऊन ठाण्यात गेलो. दोन तास बाकावर. मग ठाणेदार साहेबांनी बोलावलं.

'तुमचे पैसे गेले का?'
'नाही जी.'
'तुमचं नाव वापरलं का?'
'नाही.'
'मग तुम्ही कोण? तुमचं काय गेलं?'

आता याला काय सांगू? रस्ता गेला, असं म्हणालो. साहेब हसले. रिपोर्ट घेतला नाही, पोचही दिली नाही. बाहेर आल्यावर बीट जमादार कानाशी लागला, 'भाऊ, तंटामुक्तीवाल्यायले बसवा न मिटवून टाका.' (गावातले तंटे गावातच मिटवायची ही तंटामुक्ती मोहीम २००७ मध्ये सुरू झाली तेव्हा मीच गावात तिचं बॅनर बांधलं होतं.)

दोन गोष्टी विचारायच्या आहेत. एक, मी खरंच कोणी नाही का? दोन, नागपूरचा एक मित्र म्हणतो की सरळ खंडपीठात जनहित याचिका टाक आणि कोर्टाच्या देखरेखीखाली तपास माग. ते कितपत खरं?

---

पऱ्हाटी | ९ नोव्हेंबर, रात्री १०.५०

मेलेला मानूस मजुरी करून रायला आन जिता मानूस पुण्याले चालला. आमच्या यवतमाळात बी हेच हाय बाप्पा. वाचून रायलो, लिहा पुढं.

---

काळा_कोट | ९ नोव्हेंबर, रात्री ११.३५

पहिल्या प्रश्नाचं उत्तर आधी देतो, कारण ठाणेदारांचा तो प्रश्नच कायद्यात बसत नाही.

आपल्याच राज्यातलं प्रकरण आहे. मुख्यमंत्रिपदी असलेल्या अंतुल्यांविरुद्ध रामदास नायक यांनी खासगी फिर्याद केली. नायकांच्या खिशातून काही गेलं नव्हतं. सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने १९८४ मध्ये सांगितलं की फौजदारी कायदा कोणालाही हलवता येतो. गुन्हा हा समाजाविरुद्ध असतो, म्हणून 'फिर्याद करणारा कोण' हा प्रश्न तिथे सहसा उद्भवत नाही. अपवाद आहेत: बदनामी, लग्नाशी संबंधित काही गुन्हे, न्यायालयात दाखल कागदांबाबतचे काही गुन्हे. तिथे ठरावीक माणसानेच यावं लागतं. बनावट हजेरीपट त्यात येत नाही.

दखलपात्र गुन्ह्याची (ज्याचा तपास पोलीस कोर्टाच्या परवानगीशिवाय करू शकतात) खबर आली की एफआयआर नोंदवणं बंधनकारक, हे २०१३ च्या ललिता कुमारी निकालात घटनापीठाने सांगून झालं. भ्रष्टाचाराच्या प्रकरणात आधी थोडी प्राथमिक चौकशी करायची मुभा त्याच निकालाने दिली आहे. नव्या नागरिक सुरक्षा संहितेत (जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी आलेल्या) तीन ते सात वर्षांच्या आतल्या शिक्षेच्या गुन्ह्यांत चौदा दिवसांची प्राथमिक चौकशी आहे, तीही डीवायएसपींच्या परवानगीने. 'तुमचं काय गेलं' हा निकष कुठेच नाही.

तुमचा प्रकार २०२३ चा, म्हणून कलमं जुन्या भारतीय दंड विधानाची (भादंवि) लागतील: फसवणुकीचं ४२०, बनावट कागदाची ४६७, ४६८, ४७१, आणि पैसा ज्यांच्या ताब्यात होता त्यांना विश्वासघाताचं ४०९. तपासाची पद्धत मात्र १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या नव्या संहितेची. अर्जात दोन्हींची सरमिसळ करू नका, तेवढ्यावरून अर्ज परत येतात.

आता खरी गोम. खबर द्यायला कोणीही चालतं, पण पुढे प्रत्येक टप्प्यावर 'तू कोण' हे विचारलंच जातं. लग्नाची खबर गावभर कोणीही देते, मानपान मात्र सोयऱ्यालाच मिळतो. तसंच आहे. एफआयआरवर फिर्यादी म्हणून तुमचं नाव असेल तर प्रत फुकट मिळते, नव्वद दिवसांत तपास कुठवर आला ते पोलिसांनी तुम्हाला कळवावं लागतं (कलम १९३), आणि पोलिसांनी समरी (तपास बंद करायचा अहवाल) पाठवली तर तुम्हाला नोटीस देऊन ऐकल्याशिवाय मॅजिस्ट्रेटला ती मंजूर करता येत नाही. भगवंत सिंग प्रकरण, १९८५. फिर्यादी दुसराच कोणी असेल, म्हणजे उद्या बीडीओ साहेबांनी रिपोर्ट दिला आणि परवा मिटवला, तर तुम्हाला नोटीस येणार नाही. तुम्हाला कळणारही नाही.

म्हणून नाव तुमचंच पाहिजे. ते नाव वर्तमानपत्रात आलं काय आणि न आलं काय, एफआयआरवर पाहिजे.

---

मोहफूल | १० नोव्हेंबर, सकाळी ७.२०

काळा_कोट साहेब, समरी म्हणजे ती अ, ब, क वाली का? आमच्या रेतीच्या तक्रारीला 'क' लावून पाठवली होती.

---

काळा_कोट | १० नोव्हेंबर, सकाळी ८.०५

तीच. 'अ' म्हणजे गुन्हा खरा पण आरोपी किंवा पुरावा सापडत नाही. 'ब' म्हणजे तक्रार खोटी. 'क' म्हणजे गैरसमजातून झालेली किंवा दिवाणी स्वरूपाची. 'ब' लागली तर उलट तुमच्यावरच कारवाई होऊ शकते, ती हलक्यात घेऊ नका. मॅजिस्ट्रेटपुढे हरकत अर्ज (इकडे सगळे प्रोटेस्टच म्हणतात) करून पुढील तपास मागता येतो. २०१९ च्या विनूभाई मालवीय निकालानंतर आरोप निश्चित होईपर्यंत मॅजिस्ट्रेट असा तपास सांगू शकतात.

रेतीबद्दल एक. 'हा महसूलचा विषय, तहसीलदारांकडे जा' असं सांगत असतील तर २०१४ चा संजय निकाल दाखवा, दिल्ली राज्याचा. खनिज कायद्याखाली फिर्याद अधिकृत अधिकाऱ्यानेच करायची हे खरं, पण नदीतली रेती नेणं ही चोरीसुद्धा आहे आणि चोरीचा गुन्हा पोलीस स्वतंत्रपणे नोंदवू शकतात.

---

माजी_जमादार | १० नोव्हेंबर, दुपारी १.१५

तीस वर्षं खाकी घातली, म्हणून दुसरी बाजू सांगतो. शिव्या द्यायच्या तर द्या.

ठाणेदारानं चुकीचं केलं. रिपोर्ट घ्यायला पाहिजे होता. पण तो तसा का वागतो? माहिती अधिकाराचा अर्ज टाकायचा, ठेकेदाराला फोन करायचा, पाकीट आलं की अर्ज मागे, असे कार्यकर्ते मी माझ्या डोळ्यानं पाहिले आहेत. दोनदा तर पाकीट देताना मीच साध्या कपड्यात बाजूला उभा होतो. त्यामुळे हातात फाइल घेऊन कोणी आला की ठाण्यात आधी त्याचाच हिशेब मांडतात. वैनगंगेकाठचा भाऊ तसे नसतील, पण त्यांच्या आधी आलेले होते.

दुसरं, ठाण्यात माणसं किती आणि कामं किती? व्हीआयपी बंदोबस्त, मारबत, पोळा, इलेक्शन. हजेरीपटाच्या तपासाला दस्तऐवज जप्त करा, हस्ताक्षर तज्ज्ञाकडे पाठवा, बँकेला पत्र लिहा. कोण करते?

सांगतो ते करा. अर्ज दोन पानांच्या वर नको. 'जनतेची घोर फसवणूक' वगैरे भाषण कापून टाका. तारीख, काम क्रमांक, हजेरीपट क्रमांक, नाव, मृत्यूची नोंद कधीची, मजुरी कोणत्या खात्यात गेली. ग्रामपंचायतीतून मृत्यूचा दाखला काढा, तोच तुमचा हुकमाचा पत्ता. ठाण्यात घेत नसतील तर ई-मेलनं पाठवा. नव्या कायद्यात ती खबर चालते, तीन दिवसांत जाऊन सही तेवढी करायची. मग 'आलेच नव्हते' म्हणता येत नाही.

---

पुणेरी_वऱ्हाडी | १० नोव्हेंबर, रात्री ९.३०

पोलिसांकडून अपेक्षाच ठेवू नका. कोर्टाची देखरेख हाच मार्ग. दाभोलकरांच्या खुनाचा तपास २०१४ मध्ये उच्च न्यायालयाने सीबीआयकडे दिला, तोही याचिकेवरच, आणि मग वर्षानुवर्षं देखरेख ठेवली. म्हणून निदान निकाल तरी लागला. तुम्ही थेट नागपूर गाठा.

---

काळा_कोट | १० नोव्हेंबर, रात्री १०.४०

थेट नागपूर गाठलं तर थेट परत याल.

साकिरी वसू, २००७. लष्करात मेजर असलेल्या मुलाचा मृतदेह मथुरा स्टेशनवर सापडला. बापाला तो खून वाटत होता, सीबीआय पाहिजे होती. मिळाली नाही. पण त्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने आमच्यासारख्या तालुका कोर्टातल्या वकिलांच्या हातात मोठी चीज दिली: मॅजिस्ट्रेटला एफआयआर नोंदवायला सांगायचा अधिकार आहेच, तपास नीट चाललाय की नाही हे पाहायचाही आहे. उच्च न्यायालयाने अशा याचिकांना सहसा दाद देऊ नये, आधी खालचे मार्ग वापरायला लावावेत. महाराष्ट्रातल्याच सुधीर भास्करराव तांबे प्रकरणात तेच पुन्हा सांगितलं.

म्हणजे तुमचं 'देखरेख करणारं कोर्ट' बसस्टँडच्या मागे आहे, जिथे पंखा आवाज करते ते. क्रम असा: ठाणं, मग एसपींना लेखी अर्ज स्पीड पोस्टने, मग कलम १७५(३) खाली मॅजिस्ट्रेट. जुन्या संहितेत हेच १५६(३) होतं. अर्जासोबत शपथपत्र लागते, आणि आधीच्या दोन पायऱ्या चढल्याचा पुरावाही. प्रियंका श्रीवास्तव निकाल, २०१५. शपथपत्र खोटं निघालं तर खटला तुमच्यावर, हे समजून सही करा.

सरपंच, ग्रामसेवक हे लोकसेवक. त्यांनी कामकाज करताना केलेल्या गोष्टीची तक्रार असेल तर नव्या १७५(४) प्रमाणे वरिष्ठांचा अहवाल मागवणं, त्यांचं म्हणणं पाहणं, हेही येते. वेळ जाईल.

जनहित याचिकेत अडचण वेगळीच. तुमचा हेतू शुद्ध आहे हे आधी तुम्हालाच कोर्टाला पटवून द्यावं लागते. कधी कधी अनामत रक्कम भरायला सांगतात. धान विकल्याचे पैसे तिथे अडकवायची तयारी आहे का?

---

मोहफूल | ११ नोव्हेंबर, सकाळी ६.४५

पुणेरी भाऊ, देखरेखीचं एक आमच्या घरचंच उदाहरण. गोसीखुर्द. १९८८ मध्ये पायाभरणी झाली तेव्हा ३७२ कोटींचा प्रकल्प, पुढे १८ हजार कोटींच्या वर गेला. आमच्या मामाजींचं गाव त्यात बुडालं. सिंचनातल्या गैरव्यवहारावर नागपूर खंडपीठात 'जनमंच' संस्था २०१२ पासून गेली, मग आणखी याचिका आल्या. त्या रेट्यानं एसीबीची (लाचलुचपत प्रतिबंधक विभाग) चौकशी लागली, २०१८ मध्ये नागपूर-अमरावतीला विशेष पथकं झाली. संस्थेच्या सभासदांचं धरणात काही गेलं नव्हतं, तरी कोर्टानं ऐकलं. हे झालं चांगलं.

आता पुढचं. २०१८ च्या नोव्हेंबरात एसीबीच्या प्रमुखांनी तत्कालीन जलसंपदा मंत्र्यांवर जबाबदारी येते असं प्रतिज्ञापत्र दिलं. २०१९ च्या डिसेंबरात नव्या प्रमुखांनी नेमकं उलटं दिलं. कोर्ट तेच, फाइल तीच, सरकार तेवढं बदललं. कोर्ट देखरेख करते, पण चष्मा तपास यंत्रणेचाच घालते.

---

पुणेरी_वऱ्हाडी | ११ नोव्हेंबर, सकाळी १०.१०

मग करायचंच नाही का काही?

---

मोहफूल | ११ नोव्हेंबर, सकाळी १०.३२

असं कोन म्हनते जी? नेत्यांना पैसे दिल्याच्या नोंदी डायऱ्यांत सापडल्या, त्या हवाला प्रकरणाचंच घ्या. विनीत नारायण पत्रकार, त्यांच्या याचिकेवर सर्वोच्च न्यायालयानं तपासाला सतत आदेश देत राहायची पद्धत पाडली, १९९७ च्या निकालानं दक्षता आयोगाला बळ दिलं, सीबीआय संचालकाला दोन वर्षं पक्की केली. आरोपी मात्र सुटले, डायऱ्या पुरावा म्हणून टिकल्या नाहीत. दोन्ही गोष्टी एकाच खटल्यातल्या. देखरेखीनं तपास हलते, शिक्षा होईलच असं नाही. एवढंच म्हणणं आहे.

---

काळा_कोट | ११ नोव्हेंबर, दुपारी २.००

+१. दाभोलकर प्रकरणातही २०२३ मध्ये उच्च न्यायालयाने देखरेख थांबवली, खटला चालू झाला म्हणून. २०२४ च्या मे महिन्यात दोघांना जन्मठेप, तिघे निर्दोष. दोषारोपपत्र गेलं की देखरेख सहसा संपते. ती तपासापुरतीच असते, हे लोकांच्या लक्षात येत नाही.

---

तेंदूपत्ता | ११ नोव्हेंबर, रात्री ८.१५

गडचिरोलीतून लिहितो. तुम्ही सगळे फिर्याद करणाऱ्या कार्यकर्त्याबद्दल बोलताय. कार्यकर्ताच आरोपी झाला तर?

२०१८ च्या जूनमध्ये भीमा कोरेगाव प्रकरणात नागपूरचे वकील सुरेंद्र गडलिंग, प्रा. शोमा सेन आणि आमच्याकडे ग्रामसभांसोबत काम करणारे महेश राऊत यांना अटक झाली. ऑगस्टमध्ये आणखी पाच जण. त्या पाच जणांसाठी रोमिला थापर आणि आणखी चार नामवंत सर्वोच्च न्यायालयात गेले, स्वतंत्र पथक नेमा म्हणून. २८ सप्टेंबरला निकाल आला, दोन विरुद्ध एक. बहुमताचं म्हणणं, तपास कोणी करायचा हे आरोपीला ठरवता येत नाही, तर त्याच्या वतीने आलेल्या परक्याला कुठून येणार? न्या. चंद्रचूड यांनी वेगळा निकाल देऊन पथक नेमायला हवं म्हटलं.

बोफोर्स तोफा खरेदीच्या प्रकरणातही १९९२ ला तेच. चौधरी नावाचे वकील कार्यवाही रद्द करा म्हणत गेले, त्यांना सांगितलं की तुम्ही तिऱ्हाईत. म्हणजे गुन्हा नोंदवा म्हणायला तिऱ्हाईत चालतो, चाललेला तपास थांबवा किंवा बदला म्हणायला चालत नाही. ही विषमता मला पटत नाही. जो तुरुंगात आहे त्याच्या बाजूने बोलणाऱ्यालाच दार बंद?

---

काळा_कोट | ११ नोव्हेंबर, रात्री ९.००

पटत नाही ते मलाही सगळं पटत नाही. पण उलट विचार करा. आरोपीसाठी तिऱ्हाईताला मुभा दिली तर उद्या आपल्या सरपंचासाठी त्याचा साळा याचिका घेऊन तपास रोखायला येईल. आरोपीला स्वतःचे मार्ग आहेत, जामीन आहे, गुन्हा रद्द करायचा अर्ज आहे.

---

तेंदूपत्ता | ११ नोव्हेंबर, रात्री ९.२५

यूएपीएमध्ये (दहशतवादविरोधी कायदा) जामीन म्हणजे काय असते ते एकदा एटापल्लीला येऊन लोकांना विचारा. असो, धागा भरकटवत नाही.

---

अंबाडी | १२ नोव्हेंबर, दुपारी १२.४०

बचत गटाचं काम करते, कायद्याची माणूस नाही. पण दोन दिवस वाचतेय आणि एकाही भाऊंनी विचारलं नाही की काकाजींची बायको काय म्हणते.

नाव तिच्या नवऱ्याचं वापरलं. ठाणेदारांचा प्रश्न उद्धट होता, पण 'ती बाई कुठे आहे' हे मलाही विचारायचं आहे. वैनगंगेकाठचा भाऊ, तुम्ही त्यांच्याशी बोललात का, की हजेरीपट आधी आम्हाला दाखवला?

आणखी, त्या अनुसूचित जातीच्या असतील आणि त्यांना कोणी धमकावलं तर ॲट्रॉसिटी कायद्यात २०१६ पासून १५-अ कलम आहे. तशा गुन्ह्यात जामिनापासून सगळ्या सुनावण्यांची खबर पीडिताला द्यायची, तिचं ऐकायचं, साक्षीदाराला संरक्षण द्यायचं. खैरलांजी आपल्याच जिल्ह्यातली, २००६. तेव्हा हे कलम असतं तर, असं मनात येते. त्या खटल्यात आठ जण दोषी ठरले पण ॲट्रॉसिटी कायदा लागलाच नाही, हे आमच्या मोहाडीकडे लोक अजून बोलतात.

वकील लावायला पैसे नसतील तर तालुका विधी सेवा समितीत जा. बाईला, आणि अनुसूचित जाती-जमातीच्या कोणालाही, उत्पन्न न पाहता वकील फुकट मिळतो. १५१०० वर फोन केला तरी सांगतात.

---

काळा_कोट | १२ नोव्हेंबर, दुपारी ३.१०

अंबाडीताई, बरोबर पकडलंत, माझ्याकडून राहिलं. लखीमपूर खेरीच्या (आंदोलक शेतकऱ्यांना गाडीखाली चिरडल्याच्या) प्रकरणात २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटलंय की पीडिताला तपासापासून अपिलापर्यंत प्रत्येक टप्प्यावर ऐकून घेतलं पाहिजे. वैनगंगेकाठचा फिर्यादी आणि काकूंचं शपथपत्र सोबत, असा अर्ज गेला तर 'तुमचं काय गेलं' विचारायला जागाच राहत नाही. मात्र काकू कायद्याच्या व्याख्येत 'पीडित' ठरतील की साक्षीदार, यावर समोरचा वकील भांडेल. मजुरीचे पैसे सरकारचे गेले, असं म्हणेल. भांडू द्या.

---

वैनगंगेकाठचा | १६ नोव्हेंबर, रात्री ९.५०

सगळ्यांचे आभार. अंबाडीताई, तुमचा प्रतिसाद वाचून लाजलो. काकूंशी बोललोच नव्हतो. त्यांना त्रास नको असं मी स्वतःलाच सांगत होतो.

परवा गेलो. काकू बांधावर होत्या, धान कापून पडलं आहे. मोबाइलवर हजेरीपट दाखवला. त्यांना वाचता येत नाही, नाव मी वाचून दाखवलं. काही वेळ बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, 'जित्तेपनी तं त्याइले कोनी काम देल्लं नाही.'

पुढे म्हणाल्या, निराधारचे पैसे बंद तर नाही होनार? तो कागद ज्याच्या हातून जातो तोच माणूस हजेरीपटाच्याही मागे आहे, म्हणून भीती. मी हो किंवा नाही काहीच म्हणालो नाही, कारण मलाच माहीत नाही. काळा_कोट साहेब, याचं काही करता येते का ते सांगा.

जमादार काकांनी सांगितल्याप्रमाणे अर्ज दीड पानाचा केला. मृत्यूचा दाखला काढायला तीन चकरा झाल्या, ग्रामसेवक 'कशाला पाहिजे' विचारत होते, बँकेत लागतो म्हणून सांगितलं. अर्ज ई-मेलनं ठाण्याला पाठवला, दुसऱ्या दिवशी सही करायला गेलो. या वेळी आत दुसरे साहेब होते, त्यांनी पोच दिली. एफआयआर नाही, नुसती पोच. एसपी ऑफिसला स्पीड पोस्ट शुक्रवारी टाकलं.

शपथपत्राला काकू तयार आहेत, पण धान चुरून झाल्यावर येतो म्हणाल्या. पंधरा दिवस लागतील. तोवर बुटीबोरीच्या पोराला फोन लावतो, त्याच्या नावाची मजुरी कोणत्या खात्यात गेली ते त्याला तरी माहीत आहे का पाहतो.

---

पऱ्हाटी | १६ नोव्हेंबर, रात्री १०.०५

त्या पोराले फोनवर नका सांगू, प्रत्यक्ष भेटा. फोन कोन कोनाले ऐकवते काही नेम नाही भाऊ.